पेन्सिलीची फुली

रावपुऱ्याच्या शाखेत एकवीस वर्षं
मी लोकांना सही कुठे करायची ते दाखवलं.
इथे. इथे. पान उलटा. इथे.
आधीच पेन्सिलीनं फुल्या मारून ठेवायचो,
म्हणजे नजर फुलीवरून फुलीवर उडी मारते,
मधल्या ओळींत पाय बुडत नाही.

चौदाव्या पानावर कुणी थांबलं नाही.
एकदाच, मकरपुऱ्यात लेथवर काम करणारे एक गृहस्थ
चष्मा पुसून म्हणाले, ‘फ्लोटिंग एटले शुं, साहेब?’
मी म्हणालो, ‘दर खालीही येतो.’
खोटं नव्हतं.
मागे अकरा माणसं उभी होती आणि माझा डबा गार होत होता.

काल रात्री मिथिला आली, हातात तीच फाइल.
कलालीला फ्लॅट, दुसरा मजला,
अठ्ठावीस लाख, साडेआठ टक्के, वीस वर्षं.
बिल्डर तिला म्हणे,
‘भाडुं भरो एना करतां हप्तो भरो ने, बेन.’
‘बाबा, तेवढ्या फुल्या मारून द्या.’

मी पेन्सिल घेतली
आणि लाइटबिलाच्या पाठीवर लिहिलं:
चोवीस हजार दोनशे नव्याण्णव. हा हप्ता.
पहिल्या महिन्यात यातलं व्याज
एकोणीस हजार आठशे तेहतीस.
उरले चार हजार चारशे सहासष्ट.
तेवढंच घर तू त्या महिन्यात घेतेस.

तिनं मोबाइलवर भागून पाहिलं, कार्पेटच्या भावानं.
एक चौरस फूटसुद्धा नाही, पाऊण, वर थोडं.
‘उभी राहू शकते,’ म्हणाली,
‘चपला बाहेर काढून.’

मग दोनशे चाळिसांनी गुणलं.
अठ्ठावीस घेतलेस, त्यावर व्याज तीस.
म्हणजे एक घर दिसतं
आणि दुसरं, त्याहून थोडं मोठं,
ज्याला खिडकी नाही, नळ नाही,
पण रोज झाडावं लागतं.

आणि ऐक, तीन वर्षांनी दर पाऊण टक्का चढला
तर हप्ता वाढत नाही, म्हणून कुणी ओरडत नाही.
उरलेले दोनशे चार हप्ते
गुपचूप दोनशे एकतीस होतात.
एक मेसेज येतो.
गरब्याच्या दिवसांत आला तर वाचणार कोण?

विमा त्यांनी कर्जातच घातलाय, म्हणजे विम्यावरही व्याज.
आणि पार्किंगच्या भिंतीवर, छातीइतक्या उंचीपर्यंत,
रंग बाकीच्या भिंतीपेक्षा नवा आहे.
विश्वामित्री आत येऊन गेली असणार.
ते कुठल्या पानावर लिहिलंय, दाखव.

मी थांबलो. जिंकल्यासारखं वाटत होतं, खरं सांगायचं तर.

ती बिलाची घडी घालत म्हणाली,
चार वर्षांत तीन घरं, बाबा.
शेवटचं का सोडलं, तुम्हाला सांगितलं नव्हतं.
तव्यावर बोंबील होते.
वरच्या बाई काही बोलल्या नाहीत,
नुसती आमच्या दाराशी उदबत्ती लावून गेल्या. आठ दिवस.
नवव्या दिवशी घरमालकाचा फोन.
सान्वी तेव्हा दीड महिन्याची.
‘ते कुठल्या पानावर आहे?’

माझ्याकडे आकडा नव्हता.
एकवीस वर्षं तो रकाना मी रिकामाच पाहिला होता,
‘लागू नाही’ असा शिक्का मारायचो.

पंखा चालू होता, पानं उडत होती.
तिनं मिठाची बरणी ठेवली फाइलवर
आणि चौदावं पान मोठ्यानं वाचायला घेतलं,
अडखळत, बोट ठेवून.
तिसऱ्या ओळीला विचारलं, ‘रीसेट म्हणजे?’

‘दर खालीही येतो,’ तोंडातून गेलंच,
मग म्हणालो, ‘वर जातो. आधी वर जातो, असंच समज.’
लेथवाल्यांचं नाव आठवायला बघत होतो,
आठवलं नाही.

अकरा वाजता जावई न्यायला आला.
आम्ही सोळाव्या पानावर होतो.
मी म्हटलं, बूट काढ, बस इथे.
एकूण पानं सत्तेचाळीस आहेत.